एकच प्याला, तीन कॅमेरे, बावन्न मिनिटं

गडकऱ्यांचं 'एकच प्याला' रंगभूमीवर पहिल्यांदा आलं ते आमच्या बडोद्यात. गंधर्व नाटक मंडळींनी १९१९ च्या फेब्रुवारीत इथे पहिला प्रयोग केला, सिंधू होते बालगंधर्व. गडकरी त्याच्या महिनाभर आधी, २३ जानेवारीला गेले होते. पदं लिहायची राहून गेली होती, ती वि. सी. गुर्जरांनी लिहिली. दांडिया बाजारात वाढलेल्या माणसाला हे सगळं घरातल्या गोष्टीसारखं माहीत असतं. त्यामुळे आमच्या हौशी मंडळानं जुन्या दूरचित्रवाणीच्या पद्धतीनं एक अभिजात नाटक बसवायचं ठरवलं, तेव्हा नाव शोधावं लागलं नाही.

जुनी पद्धत म्हणजे सुरुवातीच्या दिवसांत स्टुडिओत नाटक करायचे ती. नाटक सलग चालायचं, दोन-तीन कॅमेरे एकाच वेळी चालू असायचे आणि कुठलं चित्र बाहेर जाणार हे नियंत्रण कक्षात बसलेला माणूस त्या क्षणी ठरवायचा. अगदी आरंभी तर चित्रमुद्रण नव्हतंच, जे घडायचं ते थेट घरात दिसायचं. पुनःप्रक्षेपण म्हणजे नटांनी दोन-चार दिवसांनी येऊन पुन्हा सगळं करायचं. १९५६ मध्ये चित्रफितीचं यंत्र बाजारात आलं, तरी ती फीत कापून जोडणं इतकं किचकट आणि महाग होतं की पुढची बरीच वर्षं नाटकं थेट असल्यासारखीच, न थांबता मुद्रित व्हायची. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं आणि देशात रंगीत चित्र आलं १९८२ मध्ये. मधल्या दहा वर्षांत ज्यांनी मराठी नाटक पडद्यावर पाहिलं, त्यांनी ते काळ्या-पांढऱ्यात पाहिलं.

आज हे कशाला, असं मला बऱ्याच जणांनी विचारलं. हौशी मंडळाकडे संकलनाला ना पैसा असतो ना वेळ. नटांची सवय मात्र सलग प्रयोगाची असते. तुकड्या-तुकड्यांत चित्रीकरण केलं की त्यांची लय तुटते. सलग बावन्न मिनिटांत ती टिकते, आणि रात्री घरी जाताना नाटक पूर्ण झालेलं असतं. आम्ही हे कसं केलं ते इथे क्रमानं लिहिते आहे. इंदूरच्या, ग्वाल्हेरच्या किंवा कुठल्याही गावच्या मंडळाला ते जसंच्या तसं वापरता येईल.

आधी हक्क, मग घड्याळ

हक्काचं लगेच सांगते. आपल्या कायद्यानं लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं हक्क राहतो, म्हणून गडकऱ्यांचा मजकूर आता मोकळा आहे. पण पदं दुसऱ्याची असतील तर त्यांचा हिशेब वेगळा करावा लागतो. जुन्या ध्वनिमुद्रिका तर अजिबात लावू नका, त्यांचा हक्क आणखी तिसऱ्याचा असू शकतो. आपल्या गायिकेनं आपल्या पेटीवर गावं.

आता घड्याळ. संगीत नाटक म्हणजे पाच अंक, डझनावारी पदं आणि वन्समोअर. एके काळी ते रात्रभर चालायचं. आपल्याला हवी आहेत बावन्न मिनिटं. कात्री हातात घेण्याआधी सगळ्यांना एका खोलीत बसवा, संपूर्ण नाटक मोठ्यानं वाचा, आणि प्रत्येक प्रवेशाला किती मिनिटं लागली ते समासात पेन्सिलनं लिहा. पदं गाऊ नका, नुसती वाचा. आम्हाला या वाचनाला दोन संध्याकाळी लागल्या. दुसऱ्या संध्याकाळी सगळ्यांच्या लक्षात आलं की आपल्याला पाचपैकी जवळजवळ चार वाटे सोडायचे आहेत. हा धक्का लेखकाला एकट्याला बसण्यापेक्षा सगळ्या नटांना एकत्र बसलेला बरा. नंतर 'माझं वाक्य का गेलं' असं कुणी विचारत नाही.

काय ठेवायचं

या नाटकात तीन धागे आहेत. दारूच्या आहारी जाणारा सुधाकर आणि त्याची बायको सिंधू हा मुख्य. दुसरा तळीराम, गीता आणि दारूबाजांचं आर्यमदिरामंडळ यांचा. तिसरा रामलाल, सुधाकरची बहीण शरद आणि भगीरथ यांचा. रंगभूमीवर तिन्ही लागतात. एक धागा डोळ्यांत पाणी आणतो तेव्हा दुसरा हसवून मोकळं करतो. लहान पडद्यावर बावन्न मिनिटांत तिसरा धागा मावत नाही. शरद आणि भगीरथ आम्ही पूर्ण काढले. रामलाल ठेवला, पण फक्त मित्र म्हणून. हे करताना मला वाईट वाटलं, कारण शरदची गोष्ट हे एक स्वतंत्र नाटक आहे. तिचं अर्धवट दर्शन घडवण्यापेक्षा तिला पुढच्या वेळेसाठी राखून ठेवावं, असं मी ठरवलं.

आर्यमदिरामंडळ काढायचा मोह होतो, कारण त्यात माणसं फार. तो मोह आवरा. दारूची मजा दिसली नाही तर सुधाकर का घसरला हे कळणारच नाही. आम्ही मंडळाचे सगळे प्रवेश मिळून सहा मिनिटांचा एकच प्रवेश केला, सभासद चारच ठेवले, आणि बाकीच्यांचा नुसता आवाज चौकटीबाहेरून घेतला.

कापताना मी प्रत्येक प्रवेशाला एकच प्रश्न विचारला, आणि माझ्या मते या सगळ्या कामाचा गाभा तोच आहे: हे ऐकून कुणाचा चेहरा बदलतो?

नाट्यगृहात आपण बोलणाऱ्याकडे पाहतो. शेवटच्या रांगेतल्या माणसाला ऐकणाऱ्याचे डोळे दिसतच नाहीत, म्हणून नाटककार सगळं शब्दांत घालतो. पडद्यावर प्रेक्षक नटापासून हातभर अंतरावर बसलेला असतो. तिथे सुधाकर बोलत असताना सिंधू दिसली, की त्याच्या पाचातली तीन वाक्यं आपोआप गळतात. त्यांचं काम तिच्या चेहऱ्यानं केलेलं असतं. म्हणून 'हे वाक्य सुंदर आहे का' असं विचारू नका. गडकऱ्यांची सगळीच वाक्यं सुंदर आहेत, मग काहीच कापता येणार नाही. ज्या वाक्यानं समोरच्याचा चेहरा बदलतो ते राहू द्या. जे ऐकूनही तो तसाच राहतो, ते जाऊ शकतं.

भाषा मात्र बदलू नका. गडकऱ्यांचं वाक्य लांब, अनुप्रासानं भरलेलं आणि चढत जाणारं असतं. ते आजच्या बोलीत आणलं की त्याचा कणाच मोडतो. वाक्याची सुरुवात आणि शेवट ठेवून मधल्या पाच उपमांपैकी एक निवडा. तीही पहिली नको, शेवटची घ्या, कारण चढण तिथे पोचलेली असते.

स्वगतांचं दोन प्रकारे करता येतं. एक, त्याला ऐकणारा द्या. सुधाकरचं एक स्वगत आम्ही झोपलेल्या बाळाच्या पाळण्याजवळ नेलं. शब्द तेच, पण आता ते कुणाला तरी सांगितले जात होते. दुसरा मार्ग म्हणजे नटानं हळू, जवळजवळ पुटपुटत बोलावं. नट गप्प आणि आवाज वरून, ही युक्ती एकदाच वापरा. पुन्हा वापरली की आकाशवाणीवरची श्रुतिका ऐकल्यासारखं होतं.

पदं तीनच ठेवली, प्रत्येकी सुमारे दीड मिनिट, ताना-आलाप नाहीत. 'घास घे रे तान्ह्या बाळा' हे सिंधूनं बैठक मारून गायलं तर लहान पडद्यावर मैफल वाटेल. आमच्या सिंधूनं ते कामात असलेल्या आईसारखं म्हटलं, मध्ये एकदा ओळ अर्धी सोडून बाळाचं तोंड पुसलं. पेटी आणि तबला पडद्यामागे होते आणि तबला फक्त बोटांनी वाजत होता.

हात आणि प्याला

१९२८ च्या सप्टेंबरात अमेरिकेत स्केनेक्टडी इथे एक छोटं नाटक दूरचित्रवाणीवरून दाखवलं होतं. चित्र इतकं लहान आणि अंधुक होतं की एका कॅमेऱ्यात एका माणसाचा नुसता चेहरा मावायचा. म्हणून दोन कॅमेरे दोन चेहऱ्यांसाठी ठेवले आणि तिसरा फक्त हातांसाठी, वस्तूंसाठी. हातांसाठी नटही वेगळे होते. दोन वर्षांनी, जुलै १९३० मध्ये, लंडनला इटालियन नाटककार पिरांदेल्लोची एकांकिका दाखवली तेव्हाही एका वेळी एकच माणूस दिसायचा, आणि माणूस बदलताना मध्ये चौकटी-चौकटींचा एक फळा सरकवायचे.

ही माहिती मी तालमीच्या पहिल्याच दिवशी सगळ्यांना सांगितली, कारण आमच्या नाटकाचं नावच एका वस्तूवर आहे. प्याला हे पात्र आहे असं समजून त्याला स्वतःचा कॅमेरा द्यायचा असं आम्ही ठरवलं. तीन नंबरचा कॅमेरा पूर्ण नाटकभर हात आणि वस्तू यांच्यापलीकडे फारसा गेला नाही.

संहिता दोन रकान्यांत लिहा. डावीकडे काय दिसतं, उजवीकडे काय ऐकू येतं. प्रत्येक चित्राला क्रमांक आणि कॅमेऱ्याचा आकडा हवाच. तळीराम सुधाकरला पहिला प्याला देतो, त्या जागेचा आमचा डावा रकाना असा होता:

३१, कॅमेरा १: दोघंही कमरेपर्यंत. तळीराम बोलतो आहे.
३२, कॅमेरा २: फक्त सुधाकर. तळीरामाचा आवाज चालूच. सुधाकर आतल्या दाराकडे पाहतो.
३३, कॅमेरा ३: तळीरामाचे हात. ओततो. धार थांबते.
३४, कॅमेरा २: सुधाकर. चार सेकंद शांतता.
३५, कॅमेरा ३: टेबलावर प्याला. सुधाकरचा हात चौकटीत येतो, थांबतो, मागे जातो.
३६, कॅमेरा १: तळीराम. तो प्याल्याकडे पाहत नाही, सुधाकरकडे पाहतो.
३७, कॅमेरा ३: प्याला. हात येतो, उचलतो. चौकटीत उरतो टेबलावरचा ओला गोल ठसा.

तो ठसा आम्हाला तालमीत दिसला. संहितेत तो नव्हता. बिनदुधाचा चहा ओतताना थोडा सांडला होता, प्याला उचलल्यावर लाकडावर गोल उमटला आणि कॅमेरा ३ वरचा मुलगा म्हणाला, "ताई, हलवू का नको?" मी म्हटलं, अजिबात हलवू नकोस. पुढे सिंधू दळणं दळून घर चालवते त्या प्रवेशात जात्याजवळच्या पाटावर पाण्याच्या तांब्याचा तसाच गोल ठसा ठेवला. त्यावर कुणी एक शब्द बोलत नाही. पाहणाऱ्या बायकांना तो बरोबर दिसला.

जमीन आखणे

नेपथ्य म्हणजे तीन कोपरे: सुधाकरची बैठक, जात्याचा कोपरा, आणि आर्यमदिरामंडळाची खोली. सभागृह चाळीस फूट बाय अठ्ठावीस फूट असेल तर तिन्ही कोपरे तीन भिंतींना लावा, प्रत्येक कोपऱ्याला दोनच भिंती द्या, आणि मधली जागा कॅमेऱ्यांना मोकळी सोडा. आलेखाच्या कागदावर एक फुटाला एक सेंटिमीटर धरून आराखडा काढा. कॅमेरे म्हणून तीन बटणं घ्या, त्यांना दोरे बांधा, आणि पूर्ण संहिता वाचत ती बटणं सरकवा. दोऱ्यांचा गुंता झाला तर सभागृहात केबलींचाही होणार. आमचा दोनदा झाला, आणि दोन्ही वेळा कॅमेऱ्याचा मार्ग बदलण्याऐवजी प्रवेशांचा क्रम बदलून तो सुटला.

सलग नाटकात खरी अडचण असते नटाला एका कोपऱ्यातून दुसऱ्यात पोचवण्याची. बैठकीत शेवटचं वाक्य बोलून सुधाकर मंडळात हजर हवा, तोही अंगरखा बदलून. अशा प्रत्येक जागी एक पूल लागतो, म्हणजे तो नट नसलेलं वीस सेकंदांचं चित्र. कंदिलाची वात, रिकामी खुर्ची, सिंधूचा दाराकडे लागलेला डोळा. स्टुडिओतली जुनी मंडळी यासाठी आधी चित्रित केलेले तुकडे मध्ये घालायची. आम्ही तसा एकच तुकडा घेतला, दांडिया बाजारातल्या एका जुन्या वाड्याच्या लाकडी जिन्याचा. नुसती पावलं उतरताना. कपडे बदलायचे असतील तर एकावर एक घाला. सुधाकरनं तीन प्रवेश दोन अंगरखे चढवूनच केले, आणि एप्रिलातल्या बडोद्यात ते काय होतं हे त्यालाच माहीत.

बाळासाठी खरं मूल आणू नका. दुपट्याची गुंडाळी आणि आईची नजर पुरते.

रंग नसताना

काळ्या-पांढऱ्यात करणार असाल तर नेपथ्य आणि कपडे आधी फोनच्या कॅमेऱ्यातून काळ्या-पांढऱ्यात पाहा. लाल आणि हिरवा एकाच करड्या छटेत मिसळतात. आमची हिरव्या काठांची लाल साडी पडद्यावर बिनकाठाची दिसायला लागली, म्हणून बदलली. जुन्या कॅमेऱ्यांना पांढरा शुभ्र कपडा सोसायचा नाही, त्याभोवती प्रकाशाचं वलय यायचं. म्हणून सदरे फिकट निळे किंवा पिवळसर रंगवून घेत. आम्ही धोतरं चहाच्या पाण्यात बुडवून वाळवली. कुंकू काळं दिसतं आणि फार उठून दिसतं. सिंधूचं कुंकू नेहमीपेक्षा लहान ठेवा, नाहीतर तिच्या डोळ्यांआधी तेच दिसेल. चौकट ४:३ ची, म्हणजे जुन्या दूरचित्रवाणीसारखी, घ्या. दोन चेहरे जवळ आणायला तीच बरी.

रंगभूमीचा नट कॅमेऱ्यासमोर

या टप्प्याला सगळ्यात जास्त वेळ द्या. आम्ही तीन आठवडे दिले, जमिनीवर रंगीत चिकटपट्ट्या लावून, कॅमेरे न आणता.

आमचे सुधाकर तीस वर्षं रंगभूमीवर काम केलेले. मान ताठ, आवाज खणखणीत, प्रत्येक वाक्य समोरच्या भिंतीवर आपटून परत येणारं. चार दिवस सांगून झालं. पाचव्या दिवशी मी स्टूल घेतलं आणि त्यांच्या तोंडापासून दीड हातावर बसले.

"काका, आता मला सांगा. मला एकटीला."

"अगं, इतक्या जवळून कसं बोलू? ओरडल्यासारखं होईल."

"म्हणूनच बसले आहे."

त्यांनी तेच वाक्य पुन्हा म्हटलं. आवाज अर्ध्यावर आला, पण शब्दाची एकही कड बोथट झाली नाही. त्या दिवसापासून तालमीत कॅमेऱ्याच्या जागी मी माणूस बसवला. तीन स्टुलं, तीन माणसं. नट डोळ्यांसमोर माणूस असला की खोटं बोलत नाही.

बाकीचं थोडक्यात. दोन नटांमधलं अंतर रंगभूमीवर सहा फूट असतं, इथे दोन फुटांवर आणा. त्यांना फार जवळ वाटेल, चौकटीत ते बरोबर दिसतं. बसताना-उठताना झटका देऊ नका, कॅमेरा मागे राहतो. आणि जो बोलत नाही त्याची तालीम वेगळी घ्या. आम्ही एक पूर्ण संध्याकाळ फक्त ऐकणाऱ्यांना दिली: संवाद मी वाचायचे, नटांनी फक्त ऐकायचं. सिंधूचं अर्धं काम त्या संध्याकाळी बसलं.

मुद्रणाचा दिवस

दिवस निवडताना आपलं शहर आठवा. नवरात्रातल्या नऊ रात्री गरब्याचे भोंगे चालू असतात. उत्तरायणाचे, म्हणजे पतंगांचे, दोन दिवस गच्चीगच्चीवरून पतंग कापल्याची 'काइपो छे' ही आरोळी ऐकू येते. सिंधूच्या शेवटच्या प्रवेशावर ती आली तर काय करणार? लग्नाच्या मुहूर्तांचं पंचांगही पाहा, वरात रस्त्यावरूनच जाते.

सभागृह ठरवताना रिकाम्या खोलीत दोन मिनिटं गप्प उभं राहा आणि ऐका. आम्ही ते केलं नाही. भाड्यानं घेतलेल्या एका ठिकाणी वातानुकूलन मध्यवर्ती होतं आणि ते फक्त आमच्यासाठी बंद करता येत नव्हतं, हे आम्हाला दिवे लावून झाल्यावर कळलं. पहिलं मुद्रण त्या घरघरीत वाया गेलं. सगळ्यांची रजा, कॅमेऱ्यांचं भाडं, सगळं गेलं. दुसऱ्या वेळी पंखेही बंद होतील अशी जागा घेतली, आणि नटांसाठी विंगेत ओले टॉवेल ठेवले.

प्रॉम्प्टर ठेवू नका. माइकला त्याचा आवाज नटाआधी ऐकू जातो. त्याऐवजी फ्लोअर मॅनेजर हवा, कानाला हेडफोन, पायात मोजे. आमच्या मंडळातल्या मावशींनी हे काम केलं. नटाकडे नुसता हात केला की त्याचा प्रवेश. एक खूण आधीच ठरवून ठेवा: वाक्य विसरलं तर नटानं कानाची पाळी धरायची, समोरच्यानं पुढचं वाक्य घ्यायचं आणि मिक्सरवर बसून चित्र निवडणाऱ्या माणसानं ऐकणाऱ्याचं चित्र घ्यायचं. बावन्न मिनिटांत आमच्याकडे ही खूण दोनदा झाली. आता चित्रफीत पाहताना त्या दोन जागा मलाही चटकन सापडत नाहीत.

काही पडलं, विझलं, सांडलं तरी थांबायचं नाही. दुपारी दोनदा पूर्ण तालीम, तीही वेशभूषेत. मग तासभर विश्रांती, आणि संध्याकाळी एकदाच मुद्रण. तिसरी तालीम घेऊ नका, आवाज बसतात.

नामावली काळ्या कागदावर पांढऱ्या रंगानं हातानं लिहा आणि कॅमेरा ३ समोर एकेक कागद काढत जा. कागद सरकवणाऱ्याची नखं कापलेली हवीत, ती दिसतात. प्रत्येक कागद मनात दोनदा वाचून होईपर्यंत ठेवायचा. नटांची नावं आधी, मग पेटी-तबला, मग कॅमेरे, मग ज्यांनी जेवण आणलं ते. शेवटच्या कागदावर आम्ही एवढंच लिहिलं: 'पहिला प्रयोग: बडोदे, १९१९'. तो कागद इतरांपेक्षा जास्त वेळ ठेवा, आणि त्यावर पेटी वाजवू नका.